कापसाच्या गोदामातली उंच उडी

आषाढ वद्य द्वितीया, शके १८६०. कारंजा

आज पुन्हा माहेरी, अनसिंगला जायचं काढलं आणि आज पुन्हा आत्याबाई म्हणाल्या, "चौमासा बसला माय. आता पाय बाहिर काढाचा नाही." लग्न वैशाखात झालं. त्यानंतर माहेरी एकदाच जाऊन आले, आणि आता दिवाळीपर्यंत इथेच. शाळेत फायनलच्या वर्गात बाईंनी रोज चार ओळी लिहायची सवय लावली होती, ती सासरी सुटली होती. आजपासून पुन्हा लिहिते. निदान वहीला तरी माझं म्हणणं ऐकून घ्यावं लागेल.

घरात माणसं थोडी आहेत. मामंजी, म्हणजे सासरे केशरीचंद, कापसाचे व्यापारी. बोलतात कमी आणि ऐकतात त्याहून कमी. सासूबाई अंगुरीबाईंना मी आत्याबाई म्हणते. त्या पाणी गाळल्याशिवाय कुणावर रागवतसुद्धा नाहीत. आणि तिसरे हे. नाव एकदा लिहूनच टाकते, वहीत कोण ऐकतंय: माणिकचंद.

मुलगा काय करतो असं बाबांनी विचारलं होतं, तेव्हा मध्यस्थ म्हणाला होता की पेढीवर बसतो. साफ खोटं. हा माणूस बसतच नाही. हे उंच उड्या मारतात. नागपूरला कॉलेजात होते, तिथून अभ्यासाऐवजी हेच घेऊन आले. दसऱ्यानंतर अकोल्याला सामने आहेत. तिथे ठरलेली उंची जो पार करील त्याला अमरावतीला व्यायामशिक्षकांच्या वर्गात वर्षभर जागा मिळणार आहे. मामंजींनी एकदाच सांगितलंय, जागा मिळाली तर जा. नाही मिळाली तर दिवाळीच्या वहीपूजनाला पेढीवर बसायचं आणि पुन्हा उडीचं नाव काढायचं नाही.

मला काय त्याचं. हे गेले तर वर्षभर मी अनसिंगला. आम्हा जैनांत मंदिरात काही मागू नये म्हणतात, तरी मी रोज ह्यांची उडी नीट लागो म्हणून मागते. मागण्यात माझा स्वार्थ आहे, पण मागणं चांगलंच आहे.

आषाढ वद्य षष्ठी

उड्या मारायला गोदाम कशाला, हे आज कळलं. चौमासात ओल्या जमिनीवर, गवतात किडामुंगी फार असते. तिथे धावलं की किती जीव चिरडतील त्याचा हिशोब नाही. आत्याबाईंचा हुकूम आहे, "उडाचं असन तं फरशीवर उड. झाडून घे, पाहून घे, मंग उड." कापसाचा हंगाम केव्हाच संपलाय, त्यामुळे मागचं गोदाम रिकामं आहे. हे रोज सकाळी मऊ कुंच्याने सगळी फरशी झाडतात, दोन लाकडी खांब उभे करतात, त्यांच्या खुंट्यांवर बांबूची काठी आडवी ठेवतात. पलीकडे न विकलेल्या कापसाचा ढीग आहे, त्यावर पडतात.

आत्याबाईंनी दूध देऊन पाठवलं म्हणून गेले. वरच्या झरोक्यातून ऊन येतं आणि त्यात कापसाचे तंतू तरंगत असतात. खाली म्हणून येतच नाहीत. मी पेला हातात धरून उभी राहिले आणि मला वाटलं, या जागेत वजन नावाची गोष्ट अजून कुणी आणलेलीच नाही. ह्यांनी मला पाहिलं नाही. बाजूने धावत आले, शेवटच्या पावलाला जरासे खाली गेले आणि मग वर गेले. ढिगात पडल्याचा आवाज झाला. वर जाताना कसलाच आवाज झाला नाही.

दुधावर साय धरली तरी मी तिथेच होते. आत्याबाईंना सांगितलं, हे सापडत नव्हते.

आषाढ वद्य एकादशी

आज मीच विचारलं. "वर जाचं असते, तं आधी खाली काहून वाकता? त्यात वखत कायले घालवता?"

हे इतके खूश झाले की पेला खाली ठेवला. "इकडं ये. तूच करून पाह्य."

"मी?"

"कोन पाह्यते इथं? ते पाह्य, आढ्याची दोरी." गठ्ठे तोलायच्या काट्याची दोरी आढ्यावरून लोंबते, तिच्या टोकाला गाठ आहे. "त्या गाठीले हात लावाचा. आधी वाक. वाकून तसंच राह्य. आता एक नमोकार मंतर मनात म्हण, पुरा. झाला? आता उड."

उडले. गाठ कुठल्या कुठे राहिली.

"आता नमोकार नोको म्हणू. वाकली का सुट."

वाकले आणि सुटले, आणि बोटांना गाठ लागली! मी ओरडलेच. हेही ओरडले. मग दोघांनी दाराकडे पाहिलं.

मग ह्यांनी सगळं सांगितलं. आपण झटकन वाकतो तेव्हा पोटरीचा स्नायू आणि त्याची शीर ताणली जाते. टाचेवर हाताला लागते ती, धोंडशीर. "तानलं का तिच्यात जोर साठते. तवाच्या तवा सुटलं तं तो जोर उडीले भेटते, फुकटचा. थांबलं का गेला."

"कुठी जाते?"

"ऊब होऊन जाते. आंगातल्या आंगात जिरते. निजामुद्दीनचाचा पिंजाऱ्याची पिंजन पाह्यली ना? तो तात वढून धरून बसला तं कापूस पिंजल्या जाईन का?"

आमचं लग्न झाल्यापासून हे माझ्याशी एवढं कधी बोलले नव्हते. पदर खोचून मी कितीदा उडले, सांगता येत नाही. घरात आले तेव्हा पोटऱ्या ऊबदार होत्या. म्हणजे थोडा जोर वाया गेलाच म्हणायचा.

आषाढ अमावास्या

दुपारी डोळा लागला. स्वप्नात कारंज्याचा बाजार भरला होता आणि सगळी माणसं जराशी वाकायची आणि वर जायची. कुणी घाईत नव्हतं. मामंजी काट्यासकट वर गेले आणि तिथेच भाव सांगत राहिले. आत्याबाई गाळणं हातात धरून हळूहळू चालल्या होत्या, पाय भुईला न लावता, आणि म्हणत होत्या, "आता एक बी जीव चिरडत नाही." मी खालीच उभी होते. मला वर बोलावणारं कुणीतरी होतं, पण जाग आली.

श्रावण शुद्ध तृतीया

ह्यांची टाच धरली आहे. सकाळी उठल्यावर भिंतीला धरून चालतात, मग जरा मोकळे होतात. फरशी फार कठीण आहे. मी धोंडशिरेला तेल लावून दिलं. लावू का असं विचारायचं ठरवलं होतं, पण विचारायच्या आधीच लावून टाकलं.

या घरात सगळ्या दुखण्यांवर एकच औषध आहे, कापूस. कान दुखला, कापूस. दाढ दुखली, लवंगेच्या तेलात बुडवून कापूस. म्हणून मला सुचलं की पाय जिथून उचलतात तिथेच एक गादी शिवून घातली तर? आत्याबाईंना पटलं. मामंजींनीही मान हलवली, "कापसानं आजवर कोनाचं वाईट नाही झालं." निजामुद्दीनचाचा पिंजारी अंगणात बसून दिवसभर पिंजत होता. त्याच्या पिंजणीचा झंकार ऐकत ऐकत मला पेंग आली. जाताना म्हणाला, "ऐसी नरम बनवली बाई, का माणिकभाऊले वाटलं पायजे, ढगावर पाय ठुला."

खोळ मी माझ्या लाल लुगड्याची शिवतेय. अनसिंगहून आणलेलं आहे. फाटलेलं नव्हतं, पण चालेल.

श्रावण शुद्ध षष्ठी

गादी अंथरली. हे धावत आले, गादीवर पाय दिला आणि काठी गुडघ्याने घेऊनच ढिगात पडले. उठले, परत आले, अंगठ्याने गादी दाबून पाहिली. बराच वेळ पाहत राहिले. मग माझ्याकडे पाहिलं.

"झकास झाली," म्हणाले. "बोटाले सुई लागली का तुह्या?"

लागली होती. चिंधी बांधली होती ती मी पाठीमागे लपवली होती. ह्यांना कशी दिसली कोण जाणे.

श्रावण शुद्ध एकादशी

काठी खालच्या खुंटीवर आली आहे. तिथूनही पडते. हे मात्र हसत असतात. मी म्हटलं, टाच अजून दुखत असेल. म्हणाले, "दुखत नाही तेवढी. गादीचा गुन हाय." मला फार बरं वाटलं.

श्रावण वद्य द्वितीया

आज लवकर उठून गेले. हे घामाने न्हालेले होते. गादी भिंतीला टेकून उभी केली होती आणि काठी सगळ्यात वरच्या खुंटीवर होती. मला पाहताच ह्यांनी घाईघाईने काठी खाली घेतली, गादी ओढून आणली आणि चारी कोपरे सारखे करून अंथरली.

गादीला ओल लागत असणार, म्हणून उभी करून वाळवत असतील. माणूस तसा काळजीचा आहे. काठी वर कुणी ठेवली होती ते विचारायचं राहून गेलं. गोजराबाई झाडायला येते, तिनेच अडगळ नको म्हणून ठेवली असेल.

नंतर माझ्यासमोर दोनदा उडी मारली आणि दोन्ही वेळा पडले.

श्रावण वद्य अष्टमी

मामंजी जेवताना म्हणाले, "हा गेला तं सुनेले अनसिंगले धाडू. वरीसभर. रिकाम्या खोलीचं काय काम?" सूर्य मावळायच्या आत सगळं आटपायचं असतं, त्यामुळे या घरात जेवताना कुणी फार बोलत नाही. आत्याबाई हं म्हणाल्या आणि ते ठरून गेलं.

मला आनंद व्हायला हवा होता. मीच आषाढात भुणभुण लावली होती. पण अनसिंगची विहीर फार खोल आहे, पाणी ओढून ओढून हात भरून येतात. वहिनीचा स्वभावही आता पहिल्यासारखा राहिलेला नाही. शिवाय तिकडे डास फार. कारंज्याला डास नाहीत असं नाही, पण इथले एवढे चावत नाहीत.

हे जेवताना ताटाकडेच पाहत होते.

श्रावण अमावास्या. पोळा

सगळे वेशीकडे बैल पाहायला गेले होते. शिंगांना रंग, गळ्यात घुंगरमाळा, तो आवाज गोदामापर्यंत येत होता. मी एकटीच होते. दाराला आतून कडी घातली आणि दोरीची गाठ पकडायचा खेळ मांडला. फरशीवरून वाकले, सुटले, गाठ हाताला लागली. मग मनात आलं, फरशी थंड आहे, गादीवरूनच उडावं.

गाठ लागेना.

पुन्हा फरशीवर आले. लागली. पुन्हा गादीवर गेले. नाही.

मी गादीवर हळूच वाकून पाहिलं. पाय आत जातो, मग आणखी जातो. गादी हो-हो म्हणत खाली खाली घेते आणि आपण तिच्या तळाला जाऊन टेकेपर्यंत नमोकार म्हणण्याएवढा वेळ जातो. पोटरीत साठलेलं सगळं तोवर तिच्यात मुरून जातं. फरशी लगेच परत देते. कठीण आहे म्हणूनच देते. कापूस घेतो तेवढं घेतो, परत काही देत नाही.

म्हणजे ह्यांची उडी मी शिवलेल्या गादीने खाल्ली.

खोळीवर बसून राहिले. झरोक्यातले तंतू तसेच तरंगत होते. बाहेर बैल घरोघर फिरत होते आणि बायका त्यांच्या पायांवर पाणी घालत होत्या. उद्या सकाळी पहिलं काम म्हणजे ह्यांना सांगायचं.

भाद्रपद शुद्ध प्रतिपदा

आज घरी पाहुणे होते.

भाद्रपद शुद्ध द्वितीया

आज सांगणार होते. हे गादीचे कोपरे सारखे करत होते. इतक्या हलक्या हाताने, की मला तोंड उघडवेना. मग उडी मारली आणि पडले.

मला वाईट वाटायला हवं होतं. मी हसले. पदर तोंडावर होता, पण हसले.

भाद्रपद शुद्ध तृतीया

खोटं कशाला लिहू. सांगितलं तर गादी जाईल, उडी परत येईल, अकोल्याला काठी राहील आणि हे अमरावतीला जातील. नाही सांगितलं तर वहीपूजनाला पेढीवर बसतील आणि रोज संध्याकाळी घरी असतील. ह्यांनी आयुष्यात एकच गोष्ट मागितली आहे आणि ती माझ्या पदराखाली आहे.

मला हे जायला नको आहेत. लिहिलं एकदाचं.

भाद्रपद शुद्ध षष्ठी

पर्युषण सुरू झालं. दहा दिवस उडी बंद, आत्याबाईंचा हुकूम. मी मनातून देवाचे आभार मानले. दहा दिवस मला सांगावं लागणार नाही.

आज मार्दवाचा दिवस. मंदिरात पंडितजी मऊपणाची थोरवी सांगत होते आणि मला डोळ्यांपुढे गादीच दिसत होती. उद्या आर्जव, म्हणजे सरळपणा. उद्या डोकं दुखणार आहे असं आत्ताच वाटतंय.

भाद्रपद शुद्ध द्वादशी

एकभुक्त राहिले की दुपारी सगळं तरंगायला लागतं. आत्याबाई पोथी वाचत होत्या. त्यांचा आवाज लांबून, पाण्याखालून आल्यासारखा येत होता. हे ओसरीवर बसून टाच चोळत होते. म्हणाले, "आता बिलकुल दुखत नाही." सात-आठ दिवस नुसती विश्रांती मिळाली आणि टाच बरी झाली. म्हणजे औषध कापसाचं नव्हतंच.

मी डोळे मिटले तर हे काठीच्या वर आडवे होऊन थांबले होते. पडत नव्हते, पलीकडेही जात नव्हते. मी खालून काहीतरी सांगत होते आणि माझ्या तोंडातून कापूस निघत होता.

भाद्रपद वद्य प्रतिपदा. क्षमावाणी

आज सकाळपासून सगळं गाव हात जोडत होतं. आमच्यात या दिवशी ज्याची त्याची क्षमा मागायची असते. "जाणता-अजाणता काही चुकलं असन तं क्षमा करा." "उत्तम क्षमा." कुणी विचारत नाही की काय चुकलं. मामंजींनी त्या अडत्याची क्षमा मागितली ज्याच्याशी मोसमभर भांडत होते. आत्याबाईंनी माझीसुद्धा मागितली आणि मला लाजून पुरेपुरे झालं. एका दमात एवढं सगळं धुतलं जातं की माणसाला हलकं वाटावं.

हे शेवटी माझ्याजवळ आले. गोदामाच्या दारात होतो आम्ही. हात जोडले, म्हणाले, "जाणता-अजाणता काही चुकलं असन तं."

मीही तेच म्हणाले. हे "उत्तम क्षमा" म्हणाले आणि वळले. झालंच होतं की. धर्माच्या हिशोबी मी सुटले होते.

"थांबा," मी म्हटलं. "अजाणता नाही. जाणूनच. ती गादी."

हे वळून उभे राहिले.

"तिच्यानं तुमची उडी जाते. तुमी साठवता ते सारं ती खाते. मले पोळ्याच्या दिवशी समजलं. अन् मी बोलली नाही. तुमी पडले तं मले बरं वाटे."

मला रडू येत होतं. ह्यांच्या तोंडावर मात्र काही निराळंच होतं.

"मले मालूम हाय," म्हणाले.

"काय?"

"गादीचं. पयल्याच उडीले मालूम झालं. पाय रुतला तवाच."

"मंग बोलले काहून नाही?"

"तुह्या बोटाले सुई लागली होती," हे म्हणाले, जणू त्यात सगळं आलं. मग पुढे, "तू दूध घेऊन याच्या आधी मी फरशीवरून मारून घेत होतो. वरच्या खुंटीवरून. तू आली का गादी."

"म्हणजे तुमी माह्यासमोर मुद्दाम पडत होते?"

"मुद्दाम कायले? त्या गादीवरून कोनाचा बाप जाऊ शकत नाही!" हे हसले आणि मलाही रडता रडता हसू आलं. मग ह्यांनी पुन्हा हात जोडले, आणि या वेळी खाली पाहत होते. "मले बी एक जाणूनच झालेलं सांगाचं हाय. मी पडलो का तुह्या तोंडावर ऊन पडे. मले वाटे, हिले मी जाऊ नये वाटते. ते मले इतकं आवडून राह्यलं होतं, का मी आनखी पडत गेलो."

माणसाने आपलीच उडी दीड महिना गादीखाली दाबून ठेवली, माझा चेहरा पाहायला. मी आत जाऊन गादी उचलली. भारी होती, ह्यांनी दुसरं टोक धरलं. दोघांनी ती माडीवर नेऊन टाकली.

परत आल्यावर म्हटलं, "काठी वर ठेवा. मले पाह्यचं हाय."

ठेवली. धावत आले, खाली गेले, आणि मग मी पाहिलं. गादी शिवल्यापासून पहिल्यांदाच पाहिलं.

आश्विन शुद्ध तृतीया

रोज पाहते. काठीच्या वर असतात तेव्हा क्षणभर ह्यांचं कुणीच नसतं. मी नाही, मामंजी नाहीत, पेढी नाही. अशा माणसाला खाली बसवायला निघाले होते मी.

ह्यांना सांगितलं, "जा तुमी. काठी पाडून आले तं घरात घेणार नाही." बोलताना आवाज बरा निघाला.

आश्विन शुद्ध द्वादशी

पहाटे मुर्तिजापूरच्या गाडीने गेले. पुढे अकोला. आत्याबाईंनी दशम्या बांधून दिल्या आणि पाणी गाळून प्यायची शपथ घातली. गाडी इतकी हळू जाते की बराच वेळ डब्याच्या दारातला हात दिसत होता, असं गोजराबाई सांगत होती. मी स्टेशनावर जायचा प्रश्नच नव्हता.

दिवसभर गोदामात बसले. झाडायचं कारण नव्हतं तरी कुंच्याने फरशी झाडली. दुपारच्या उन्हात तंतू तरंगत होते. एका वेळेला मला अगदी स्पष्ट वाटलं, आत्ता. आत्ता हे खाली गेले, आत्ता सुटले. माझ्या पोटऱ्या ताठ झाल्या. मग बाहेर मांजर ओरडलं आणि काही नाही.

आश्विन पौर्णिमा

हे आले. दारातून आत येण्याआधीच कळलं, कारण हे चालत नव्हते, पायरीपायरीला उडत होते. जागा मिळाली आहे. कार्तिकात वर्ग सुरू होणार.

मामंजी ओसरीवर होते. त्यांच्या तोंडाकडे पाहून मला पहिल्यांदाच त्यांची दया आली. मग म्हणाले, "शब्द देला तं देला. जा. वहीपूजन झालं का सुनेची अनसिंगची गाडी जोडाले सांगतो."

"मी अनसिंगले जात नाही," कुणीतरी म्हणालं.

तो माझा आवाज होता. मी उंबऱ्याच्या आत हातात तांब्या घेऊन उभी होते आणि मला वाटलं होतं की हे मी मनात म्हणतेय. मामंजींनी आत्याबाईंकडे पाहिलं, कारण लग्न झाल्यापासून त्यांनी माझा आवाज कधी ऐकलाच नव्हता. त्यांना वाटलं त्याच बोलल्या.

"मी संगं जातो," मी म्हटलं.

"काय म्हनते ही?" मामंजी म्हणाले. "लोक काय म्हनतीन? शिकाले चालला तो, का संसार कराले?"

"तिथं खानावळीत दिवे लागल्यावर वाढतात म्हणे," मी म्हटलं. "कांदा असते. पानी कोनी गाळत नाही."

आत्याबाईंच्या हातातली वात खाली पडली. "अगं माय!" त्या म्हणाल्या. "हे तं माह्या ध्यानातच नाही आलं. पोरगा वरीसभर राती जेवीन?" त्या मामंजींकडे वळल्या. "लोक म्हनतीन ते म्हनू द्या. सून संगं जाईन. मी सांगतो."

झालं होतं. आत्याबाईंपुढे मामंजींचं चालत नाही आणि धर्मापुढे कुणाचंच नाही. मी तांब्या घेऊन आत वळले असते तर सगळं नीट, गोड, रीतीला धरून पार पडलं असतं.

मामंजींनी मला हाक मारली. रागाने नाही, जरा नवलानेच. "सूनबाई. जेवनासाठीच जातं का तू?"

हो म्हणायचं होतं. सोपं होतं आणि खोटंही नव्हतं.

"नाही," मी म्हटलं. "मले यांच्याबिगर करमत नाही."

डोक्यावरचा पदर कधी घसरला होता ते कळलं नाही, आणि दोन्ही हातांत तांब्या होता म्हणून सावरताही येईना. आत्याबाईंनी तोंडाला पदर लावला. मामंजी खाली पाहून टोपी झटकत राहिले, टोपीवर काही नव्हतं तरी.

ह्यांनी मान वर करून माझ्याकडे पाहिलं, सगळ्यांदेखत. मीही ह्यांच्याकडे पाहिलं.